बदकवाल्याचं हसू

माझी आई म्हणायची, ज्याला कुणाचाच हेवा वाटत नाही तो एक तर संत असतो, नाही तर झोपलेला. मी संत नाही आणि मला झोपही कमीच. एका बाईचा मी वर्षानुवर्षं हेवा केला, आणि ती माझी सगळ्यात जवळची मैत्रीण होती. लांबच्या माणसाचा हेवा करण्यात मला कधी रस नव्हता. एखाद्या नटीनं बंगला बांधला तर बांधू दे. पण शेजारच्या माइकवर उभ्या असलेल्या बाईला माझ्याआधी चहा मिळाला, की माझ्या नाकाला मिरच्या झोंबायच्या. आणि ही सगळी गोष्ट नाकाचीच आहे.

आमचा धंदा आवाजाचा. नव्वदच्या दशकात घरोघरी केबल आली, तिच्यामागून परदेशी कार्टून आली, आणि त्यांना हिंदीत बोलायला लावण्यासाठी मुंबईच्या स्टुडिओंना माणसं कमी पडू लागली. पडद्यावर चित्राचे ओठ हलतात तेवढ्याच वेळात आपलं वाक्य बसवायचं. ना आधी, ना नंतर. लहान मुलांचे आवाज बहुतेक बायकाच काढतात, कारण खरा मुलगा काम शिकून तयार होतो तोवर त्याचा आवाज फुटतो. मी कॉलेजात नाटकं केलेली, आवाज बारीक, जिभेला वळण चांगलं. वसईत आमचा दोन खोल्यांचा फ्लॅट होता. नवरा वालीवच्या एका कारखान्यात पत्रे कापायच्या मशिनांवर देखरेख करायचा आणि मी गोरेगावच्या स्टुडिओत पोरंसोरं, परी, माकड, जे येईल ते करायचे.

मग मला तो पोरगा मिळाला. तो एका दीपगृहात आपल्या म्हाताऱ्या काकाबरोबर राहायचा आणि त्याच्याकडे एक बदक होतं. मालिकेचं नाव लांबलचक होतं, म्हणून स्टुडिओत आम्ही त्याला बदकवाला म्हणायचो. तो बोलायचा कमी आणि हसायचा फार. प्रत्येक भागात काही तरी खोडी त्याच्या डोक्यात यायची, आणि खोडी करण्याआधी तो हसायचा. ते हसू ऐकलं की घराघरांतली पोरं जेवणाचं ताट सोडून टीव्हीकडे धावायची. आमच्या सोसायटीच्या गणपतीत बक्षीस समारंभाआधी मला हटकून स्टेजवर बोलवत. मी नमस्कार-चमत्कार न करता नुसती हसायचे आणि खाली चटईवर बसलेली पोरं किंचाळायची. त्या वर्षांत मी कुणाचाही हेवा केला नाही. गरजच नव्हती.

मैत्रीण वटारची, वसईजवळच्या गावातली. घराभोवती केळी, मोगरा, विहीर, आणि ओट्यावर सतत कुणी तरी फुलं निवडत बसलेलं. आमची ओळख वसईच्या कॉलेजातली. ती लहानपणापासून चर्चमध्ये रविवारी वाचन करायची. मिस्साच्या वेळी वीज गेली, माइक बंद पडला, तरी शेवटच्या बाकावरच्या म्हाताऱ्यांना तिचा शब्द न् शब्द ऐकू जायचा. हे मी स्वतः पाहिलं होतं, आणि पाहूनच तिला स्टुडिओत नेलं होतं. तिथं तिला गर्दीचं काम मिळालं. बाजार, लग्न, मारामारी असलं काही पडद्यावर असलं, की पाच-सहा जण एका माइकभोवती उभे राहतात आणि जो तो तोंडाला येईल ते ओरडतो. मी काचेच्या आत एकटी, पोरगा होऊन. ती बाकीच्यांबरोबर, गर्दी होऊन. ती गर्दीत होती तोवर तिच्यासारखी मैत्रीण जगात नव्हती.

मग एका दुपारी तिला एका राजकन्येची चार वाक्यं मिळाली. मी बाहेर रेकॉर्डिस्टच्या मागे चहा पीत बसले होते. हा रेकॉर्डिस्ट म्हणजे आमच्या सगळ्यांचा कान. तो सहसा कुणाला चांगलं म्हणत नसे. तिची चार वाक्यं झाल्यावर त्यानं हेडफोन गळ्यात उतरवला आणि म्हणाला, "काय साफ आवाज आहे! हिच्या टेकला हातसुद्धा लावावा लागत नाही."

मी म्हटलं, "आणि माझ्या?"

"ताई, तुमचं काम चांगलंच आहे हो. पण तुमचे श्वास कापता कापता माझ्या नाकी नऊ येतात. दोन वाक्यांच्या मध्ये तुमचं नाक वाजतं."

तो हसत म्हणाला. मीही हसले. घरी येताना लोकलमध्ये ती खिडकीत बसून माझ्यासाठी शेंगा सोलत होती, आणि मी तिच्या नाकाकडे पाहत होते. सरळ, धारदार, दोन्ही बाजूंनी सारखं वारं जाणारं नाक. माझ्या नाकाचं हाड लहानपणापासून वाकडं. उजवी नाकपुडी नावाला. थंडीत आई मला निलगिरीचा वाफारा द्यायची आणि मी तोंड उघडं टाकून झोपायचे. त्या नाकाची मला कधी लाज वाटली नव्हती. त्या दिवशी वाटली.

महिनाभर मी धुमसत होते. ती राजकन्येनंतर परिचारिका झाली, परिचारिकेनंतर पोलिसाची बायको, आणि दर वेळी रेकॉर्डिस्टचा हात आरामात मांडीवर. माझ्या वेळी मात्र तोच हात सतत बटणांवर. शेवटी मी वसई गावातल्या नाक-कान-घशाच्या डॉक्टरांकडे गेले. ते म्हणाले, हाड सरळ करता येईल, साधं ऑपरेशन आहे, श्वास मोकळा होईल. नवरा म्हणाला, "इतकी वर्षं चाललंय ना त्याच नाकावर?" मी म्हटलं, तुला आवाजातलं काय कळतं. त्याचे कान मशिनांच्या आवाजानं अर्धे गेलेले. मी गाते की ओरडते हेही त्याला तोंडाकडे बघून ठरवावं लागायचं. मी हाड सरळ करायचं ठरवलं.

आता आमच्या धंद्यातली एक रीत सांगायला हवी. आवाज देणारं माणूस आजारी पडलं किंवा बाळंतपणाला गेलं, तर काम थांबत नाही. दुसऱ्या कुणाला तरी तोच आवाज काढायला लावतात, बघणाऱ्याला फरक कळता कामा नये असा. आणि नव्या माणसाला तो आवाज जुन्या माणसानंच द्यायचा. जवळ बसून, म्हणून दाखवून, म्हणवून घेऊन. याला आम्ही आवाज बसवून देणं म्हणतो. सासूनं सुनेला घरचा मसाला दाखवावा, तसं ते काम असतं. नाही म्हणायची सोय नसते, आणि मनापासून कुणी करतं असंही नाही.

दिग्दर्शकानं नाव तिचंच काढलं. ऑपरेशनच्या आदल्या आठवड्यात ती सुकेळ्यांचा, म्हणजे वाळवलेल्या केळ्यांचा, पुडा घेऊन माझ्या घरी आली. आम्ही टीव्हीसमोर बसून जुन्या भागांची कॅसेट पुढे-मागे केली. मी तिला पोरग्याची घाई दाखवली, वाक्याच्या शेवटी वर चढणारा सूर दाखवला, काकाला हाक मारताना पहिलं अक्षर कसं गिळायचं ते दाखवलं. ती चुपचाप ऐकत होती. मधूनच म्हणाली, "अगं, टेन्शन नको घेऊ. मी फक्त सांभाळते. तू आलीस की तुझा पोरगा तुला परत."

"परत तर घेणारच आहे," मी म्हटलं.

ऑपरेशन झालं. नाकात बोळे होते तोवर मी भुतासारखी दिसत होते. ते निघाले आणि पहिल्यांदा दोन्ही नाकपुड्यांतून वारं आत गेलं, तेव्हा मला चक्क रडू आलं. मोगऱ्याला इतका वास असतो हे मला पस्तिशीत कळलं. मी आनंदात होते. माझ्याकडे आता तिच्यासारखंच नाक होतं, आणि शिवाय पोरगाही माझा होता.

पुढच्या आठवड्यात तिनं केलेला पहिला भाग लागला. मी उशीला टेकून ऐकत होते, तिच्या चुका मोजायच्या तयारीनं. पोरग्यानं काकाच्या चष्म्याला गूळ फासायचं ठरवलं आणि तो हसला. हसण्याच्या आधी त्याचा श्वास अडकला. अगदी किंचित, घशात काही तरी लागल्यासारखा. आणि मग हसू उसळून बाहेर आलं.

मी ताडकन उठून बसले. हे मी तिला शिकवलं नव्हतं. असं काही माझ्या हसण्यात आहे हेच मला ठाऊक नव्हतं. कॅसेट लावून जुना भाग ऐकला. होतं. प्रत्येक हसण्याआधी होतं. नाक बंद, म्हणून हसायला लागणारी हवा एकदम तोंडातून ओढायची, आणि ती ओढताना अडकायची. माझ्या वाकड्या हाडाचा तो आवाज होता, आणि तिनं तो नेमका उचलला होता. मला इतका राग आला की मी नवऱ्याला बोलावून दोन्ही भाग ऐकवले. तो म्हणाला, "दोन्ही सारखेच." त्याच्या कानांना मी त्या दिवशी दोष दिला, पण बरोबर तोच होता.

मी स्टुडिओत परत गेले ती दिमाखात. रेकॉर्डिस्टला म्हटलं, आता काप बघू माझे श्वास. तो खूष झाला. पहिली वाक्यं एका दमात झाली. मग हसू आलं. मी हसले. काचेपलीकडून पुन्हा हसायला सांगितलं. मी पुन्हा हसले. दिग्दर्शक आत आला आणि डोकं खाजवत म्हणाला, "ताई, तो हसायच्या आधी अडकायचा ना, ते कुठं गेलं?"

मी रेकॉर्डिस्टकडे बोट केलं. "तेच तर हे कापत होते!"

रेकॉर्डिस्ट म्हणाला, "मी दोन वाक्यांच्या मधले श्वास कापायचो, ताई. हसण्याला मी कधी हात लावला नाही. त्याच्यामुळेच तर तो बदकवाला होता."

त्या दिवशी मी किती वेळा हसले कोण जाणे. अडकवून पाहिलं तर उचकी वाटायची, नाही अडकवलं तर एखादी सभ्य बाई हसतेय असं वाटायचं. मैत्रीण कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसून होती. एकदा तिनं मान वर करून हळूच म्हटलं, "जरा आधी. श्वास घ्यायच्या आधी थांब." माझंच हसणं मला शिकवायला निघाली होती! नाकापेक्षा मोती जड म्हणतात, इथे तर नाकही गेलं होतं. मी म्हटलं, तूच कर. रागानं म्हटलं होतं. दिग्दर्शकानं ते शब्द धरून ठेवले.

तिला ते कसं जमत होतं आणि मला का नाही, यावर मी पुढे पुष्कळ विचार केला. ती ते ऐकून शिकली होती. मला ते कधी ऐकूच आलं नव्हतं, माझं फक्त नाक बंद होतं. पण हे शहाणपण नंतरचं. तेव्हा मी तिच्याशी बोलणं कमी केलं. गाडीत वेगळ्या डब्यात बसू लागले. तिच्या घशाला सूज यावी म्हणून मी देवाला काही सांगितलं नाही, पण तिनं बर्फाचा गोळा घेतला तर अडवलंही नाही. तिला काही झालं नाही.

आणि मला काय मिळालं? बदक. आधी बदकाचा आवाज काढणारा माणूस दुबईला गेला, आणि दिग्दर्शक म्हणाला, ताई, तुमचं नाक आता मोकळं आहे, तुम्हाला छान जमेल. जमलं! इतकं जमलं की लोक मला बदकासाठी बोलावू लागले. ज्या पोरग्याच्या मी तोंडात होते, त्याच्या आता काखोटीला आले.

दोन हजारनंतर घरोघरी कम्प्युटर येऊ लागले आणि त्या मालिकेवर एक खेळ निघाला. सीडी घालायची, पोरग्याला बाणांच्या बटणांनी पळवायचं, खडकांवरून उड्या मारायला लावायच्या. खेळाचं काम मालिकेपेक्षा वेगळं. समोर चित्र नसतं, ओठ नसतात. कागदावर नुसतं लिहिलेलं असतं: छोटी उडी, मोठी उडी, दगडाला आपटला, पाण्यात पडला, दमला, जिंकला. प्रत्येकाचे चार-पाच नमुने द्यायचे. ती आत उभी राहून पडत होती, आपटत होती, बुडत होती, आणि जिंकलं की हसत होती. मी बाहेर माझ्या पाळीची वाट बघत बसले होते. माझ्या कागदावर होतं: बदक घाबरलं, बदक खूष झालं, बदकाला भूक लागली. ती घामाघूम होऊन बाहेर आली आणि मला म्हणाली, "जा, तुझं पटकन होईल."

ते मला जितकं लागलं तितकं कधी काही लागलं नव्हतं.

ती सीडी आमच्या सोसायटीत आली. त्या वर्षी गणपतीत पोरांनी मला पुन्हा स्टेजवर बोलावलं, कारण त्यांच्या लेखी बदकवाला मीच. मी हसले. पुढच्या रांगेतली एक चिमुरडी उठून उभी राहिली आणि खणखणीत आवाजात म्हणाली, "असं नाही हसत तो." तिच्या आईनं तिला खाली ओढलं. मी मग बदकाचा आवाज काढला, टाळ्या घेतल्या आणि घरी जाऊन न जेवता पडून राहिले.

मग तिचं कॅनडाला जायचं ठरलं. तिच्या नवऱ्याला तिकडे नोकरी लागली होती. तिनं स्टुडिओत सांगितलं, पोरगा हिचाच होता, हिलाच द्या. मला तिनं स्वतः घरी येऊन हे सांगितलं, आणि मी चहात साखर टाकायला विसरले. पोरगा परत मिळणार होता. ती जाणार याचं दुःख मला नंतर झालं, आधी हा आनंद झाला.

मी घरी आरशासमोर बसून तयारी केली. उजवी नाकपुडी बोटानं दाबून धरली की थोडं जमायचं. आवाजाच्या परीक्षेला गेले तर जुना रेकॉर्डिस्ट निवृत्त झालेला, त्याच्या जागी एक तरुण मुलगा. त्यानं माझ्या हेडफोनमध्ये नमुना वाजवला, हसण्याचा. तिचं हसू. मी नाक दाबून हसले.

"ताई, नाक का धरलंय?" त्यानं विचारलं.

"सवय आहे," मी म्हटलं.

त्यानं दोन-तीनदा घेतलं. मग अदबीनं म्हणाला, "जवळ आहे. पण ओरिजिनल आवाज जरा वेगळा आहे. त्या ओरिजिनलवाल्या मॅडमना तुम्ही ओळखता का? त्यांच्याकडून एकदा बसवून घेतलंत तर जमेल."

"ओळखते," मी म्हटलं आणि पर्स उचलली. पुढे पोरगा नालासोपाऱ्याच्या एका कॉलेजातल्या मुलीला मिळाला. चांगलं करते म्हणतात. मी ऐकलं नाही.

निघायच्या आदल्या रविवारी तिनं वटारला सगळ्यांना जेवायला बोलावलं. अंगणात मांडव घातला होता, आत मोठ्या टोपात मटण रटरटत होतं, बॅगा ओट्यावर उभ्या. मला नव्या रेकॉर्डिस्टचं काही सांगायचं नव्हतं, पण ती निरोपाला माझ्याजवळ येऊन बसली आणि मी सांगून टाकलं. नाक दाबल्याचंही सांगितलं. ती हसली नाही. डोळ्यांत पाणी आणून म्हणाली, "मी त्यांना फोन करते. सांगते त्यांना, ओरिजिनल कोण ते."

"राहू दे गं," मी म्हटलं. "आता माझ्याकडे बदक आहे."

आणि तिला बरं वाटावं म्हणून मी बदकाचा आवाज काढला. भूक लागलेल्या बदकाचा.

तेव्हा ती हसली. आधी श्वास अडकला, घशात काही तरी लागल्यासारखा, आणि मग हसू उसळून बाहेर आलं. माइक नव्हता, काच नव्हती, कुणाला दाखवायचं नव्हतं. ती खरोखर हसत होती.

तिची आई वाढता वाढता थांबली. मला म्हणाली, "बग ना बाय, आदी अशी नव्हती हसत ही. त्या तुमच्या पोराचं हसू लागलंय हिला."

"काय करू," मैत्रीण डोळे पुसत म्हणाली, "आता सुटतच नाही."

मला तिचा हेवा वाटला, नेहमीपेक्षा जास्त वाटला. लहानपणापासून तीस-पस्तीस वर्षं जे माझ्या छातीतून निघत होतं आणि मी कधी ऐकलं नव्हतं, ते तिच्यात मुक्काम करून बसलं होतं आणि दोन दिवसांनी विमानात बसून जाणार होतं. तिला ते काढून देता येणार नव्हतं, आणि मला मागता येणार नव्हतं.

मी पुन्हा बदक काढलं. ती पुन्हा हसली. बाकीचे पानावर बसायला हाका मारत होते. मी घाबरलेलं बदक काढलं, मग खूष झालेलं. ती पोट धरून "बस कर, बस कर" म्हणत होती, आणि मी दोन्ही नाकपुड्यांनी मोकळा श्वास घेत, कान देऊन ऐकत होते.